बुडवलेली घटका

"अजून बुडालं नाही?" मी तिसऱ्यांदा विचारलं.

"नाही." यांनी मान वर केली नाही.

"घटका तर मघाशीच होऊन गेली."

"मला कळतंय ते."

"तुम्हाला कळतंय हो. पात्राला कोण सांगणार?"

माजघराच्या मधोमध पाण्यानं भरलेलं घंगाळ होतं, घंगाळात तांब्याचं घटिकापात्र तरंगत होतं, आणि घंगाळाला लागून खाटेवर माझ्या सासूबाई होत्या. आत्याबाई म्हणायची मी त्यांना. पोटातल्या गाठीनं सहा महिन्यांत त्यांची काडी झाली होती. डॉक्टर आदल्या दिवशी येऊन हात जोडून गेले होते.

घटिकापात्र आताच्या पोरांना ठाऊक नसतं, म्हणून सांगते. वाटीएवढं पात्र, बुडाला सुईच्या टोकाएवढं भोक. पाण्यावर सोडलं की पाणी भोकातून आत चढतं, आणि चोवीस मिनिटांनी पात्र भरून तळाला जातं. ती एक घटका. पूर्वी लग्नाचे मुहूर्त यावर बघत.

आमच्या यांचं पात्र मुहूर्तासाठी नव्हतं. हे धोंडोपंत करडे, रेवघरच्या तांबट आळीतले. मराठी चार इयत्ता शिकलेले. देवळात एक गोसावी चार चातुर्मास राहिला होता, त्याच्याकडून पोथ्या वाचायला शिकले आणि मग घंगाळं-हंडे सोडून काळाच्या मागे लागले. सोळा वर्षं खपून त्यांनी एक पात्र ठोकलं. ज्या माणसाचा हात काठाला लावून ते पाण्यात सोडायचं, त्या माणसाची वेळ पात्र बुडेपर्यंत जागच्या जागी उभी राहायची. कोळीवाड्यातली एक बाळंतीण अडली होती, तिला सुईण खाडीपलीकडून येईपर्यंत अशीच थांबवली. पान लागलेल्या, म्हणजे साप चावलेल्या, एका गड्याचं विष गुडघ्यावर चढू दिलं नाही. पण एका माणसाला एकच घटका. दुसऱ्यांदा सोडलं तर धरायचं नाही. गावात यांना घटकेमास्तर म्हणत, निम्मे हात जोडून आणि निम्मे हसून.

मला विचाराल तर लग्नात मी तांबट बघून हो म्हटलं होतं. शास्त्री निघेल हे कुणी सांगितलं नव्हतं.

त्या दिवशीचा घोळ असा होता. माझा धाकटा दीर मुकुंदा नऊ वर्षांपूर्वी हातोडा टाकून मुंबईला गिरणीत गेला. जाताना आत्याबाई त्याला म्हणाल्या होत्या, "पुन्हा तोंड दाखवू नकोस." त्यानं दाखवलं नाही. आईचाच मुलगा तो. नऊ वर्षं घरात त्याचं नाव निघालं नाही, आणि तीन दिवसांपूर्वी आत्याबाई झोपेतून उठून म्हणाल्या, "मुकुंदा आला का रे?" तार केली. सकाळच्या लाँचनं निघतो म्हणून त्याची उलट तार आली.

पहाटेपासून आत्याबाईंचा श्वास वर लागला होता. हे म्हणाले, "बंदरावरून घर वीस मिनिटं. लाँचचा भोंगा झाला की पात्र सोडतो. घटका बुडायच्या आत मुकुंदा दारात असेल." हिशेब चोख होता. दहा वाजता भोंगा झाला. आत्याबाईंना कळ आली होती, तोंडात मी चमचाभर पाणी घातलं होतं, तेवढ्यात यांनी त्यांचं बोट काठाला लावलं आणि पात्र सोडलं.

आणि मग रस्त्यावरून कुणीतरी ओरडत गेलं की लाँच गाळात रुतली. ओहोटी होती. भोंगा झाला होता तो मदतीला बोलावण्यासाठी.

"सत्तावीस मिनिटं," ओटीवरून आवाज आला.

ते वामनभटजी जोशी होते. गावचे पंचांगवाले. तांबटानं भांडी करावीत, त्यांत काळ भरू नये, असं ते वीस वर्षं म्हणत होते. त्या दिवशी साखळीचं घड्याळ घेऊन आपणहून येऊन बसले होते.

"भटजी, घड्याळाला किल्ली दिलीत का सकाळी?" मी विचारलं.

"दिली हो वहिनी."

"मग ते बघत बसा. आत डोकावू नका. बाईमाणूस आजारी आहे."

पण ते डोकावलेच, आणि घंगाळाकडे बघून त्यांच्या कपाळावरच्या आठ्या गेल्या. पात्र पाण्यावर चार बोटं वर होतं. घटकेच्या शेवटी ते जेमतेम करंगळीच्या नखाएवढं वर असतं.

"धोंडोपंत," भटजी हळूच म्हणाले, "हे काय केलंत तुम्ही?"

"मला माहीत नाही," हे म्हणाले.

अकरा वाजले. मी चुलीपाशी जायची, काही सुचायचं नाही, परत यायची. भात लावला आणि उतरवायला विसरले. परसात जाऊन वाळत घातलेलं लुगडं उगाच उलटं केलं. वैशाखाचं ऊन अंगणात उतरलं होतं. दर दोन मिनिटांनी मी रस्त्याकडे बघत होते आणि दर दोन मिनिटांनी पात्राकडे. हे मात्र पाटावर बसलेले, हात मांडीवर, पापणी न हलवता. पात्र सोडल्यावर हा माणूस बुडेपर्यंत उठत नसे. घरात साप निघाला असता तरी उठला नसता.

आत्याबाईंचे डोळे उघडे होते. श्वास तसाच, दहा वाजता होता तसाच, ना कमी ना जास्त.

"मने," त्या म्हणाल्या.

"काय आत्याबाई?"

"तोंडातलं पाणी उतरत नाहीये गं."

मी बघितलं. दहा वाजता घातलेलं चमचाभर पाणी अजून जिभेवर होतं. मी त्यांचं डोकं वर केलं, पाठीवरून हात फिरवला. पाणी हललं नाही.

"आणि कळ?"

"ती पण तिथंच आहे. जायचं नाव नाही घेत."

मी यांच्याकडे बघितलं. यांनी ऐकलं होतं. मान थोडी खाली गेली, एवढंच.

मुकुंदा आला तेव्हा साडेबारा झाले होते. लाँचमधून उडी टाकून, गाळ तुडवत, मांड्यांपर्यंत काळा होऊन आला. धोतर कमरेला खोचलेलं, हातात चपला. दारात थबकला. आपल्याच घरात पाहुण्यासारखा.

"या भावजी," मी म्हटलं. "आत या. पाय राहू द्या तसेच."

"आई..."

"आहे. तुमच्यासाठीच आहे."

तो खाटेपाशी खाली बसला. आत्याबाईंनी त्याला डोक्यापासून पायापर्यंत बघून घेतलं. रागानं की मायेनं हे त्या बाईच्या चेहऱ्यावरून कधी कळलंच नाही कुणाला.

"वाळलास."

"नाही आई. तसाच आहे."

"बायको जेवायला घालते की नाही?"

"घालते."

"हात दाखव."

त्यानं तळवे पुढे केले. आत्याबाईंनी अंगठ्याखालची जागा चाचपली. आमच्यात हातोडा धरणाऱ्या माणसाला तिथं घट्टा असतो, मरेपर्यंत जात नाही. त्याचा गेला होता.

"बाईचे हात झाले तुझे," त्या म्हणाल्या. मग थोड्या थांबून, "मी म्हटलं होतं तोंड दाखवू नकोस."

"हो."

"दाखवलंस. बरं केलंस."

मुकुंदानं खाटेच्या कडेवर कपाळ टेकलं. त्याच्या केसांवर त्यांनी हात ठेवला. नऊ वर्षांचं भांडण असं एका वाक्यात मिटलं. माझ्याशी बावीस वर्षांचं होतं, त्याच्यासाठी एक शब्द नव्हता. मी भात बघायला आत गेले.

परत आले तेव्हा आत्याबाई यांना म्हणत होत्या, "धोंडू, झालं माझं. भेटला. आता सोड."

"घटका भरली नाही आई."

"मग भर."

"माझ्या हातात नाही ते."

"पोटात सुरी फिरते आहे रे. फिरते आणि थांबते, फिरते आणि थांबते, असं पण नाही. एकाच जागी रुतून बसली आहे."

"दादा," मुकुंदा म्हणाला, "बुडेपर्यंत आई राहील ना?"

"राहील."

"मग राहू दे की. मी आत्ताच आलो."

यांनी बरं म्हणून मान हलवली. दोन मुलगे आणि दोघंही पाण्याकडे बघत बसलेले. आत्याबाईंचं तोंड कुणीच बघत नव्हतं.

वामनभटजींनी तर कागद मागवला होता. उंबऱ्यात बसून लिहीत होते. सात घटका. आठ घटका. वीस वर्षं टिंगल करणारा माणूस, आता एक घटका चुकू देत नव्हता. "धोंडोपंत, हे पोथ्यांत नाही. असं कुठंच नाही. हे मी वर्तमानपत्रात देणार."

"भटजी, घरी जाऊन चार घास खा," मी म्हटलं. "बायको वाट बघत असेल."

"आज कसलं जेवण वहिनी."

"आमच्याकडे मेल्याशिवाय पंक्ती बसत नाही. तुम्ही तुमच्या घरी जेवा."

त्यांना ते लागलं असावं. दोनच्या सुमारास उठून गेले, अर्ध्या तासात येतो म्हणून.

मी घंगाळातलं पाणी बघायला वाकले ते तेव्हा. उन्हाची तिरीप कौलातून नेमकी पात्रात पडली होती. आतून पात्र पांढरं चमकत होतं.

तांब्याचं घटिकापात्र आतून पांढरं कसं असेल? आणि मग आठवलं.

दोन दिवसांपूर्वी इस्माईल कल्हईवाला आळीत आला होता. आत्याबाई जाणार हे घरात सगळ्यांना दिसत होतं. गेल्या की माणसं येणार, दहा गावचे तांबट येणार, आणि तांबटाच्या घरची भांडी माणसं नाव ठेवायला उलटून बघतात. माझ्या माहेरी काळं भांडं कधी फळीवर चढलं नाही. मी घरातलं एकूण एक भांडं काढून इस्माईलपुढं ढीग घातला. देवघराशेजारच्या फळीवर हे पात्रही होतं, हिरवट, कळकट. ते घेऊन इस्माईल म्हणाला, "वहिनी, हे पण?" मी म्हटलं, "सगळी म्हणजे सगळी."

घटिकापात्राला कल्हई करायची नसते. चिंच लावून घासायचं, बास. तांबटाच्या घरातलं शेंबडं पोरसुद्धा हे जाणतं. कथील वितळून भोकात बसतं. आणि मी तांबटाची लेक, तांबटाची सून. म्हाताऱ्या सासूच्या मरणाची तयारी करताना माझं लक्ष सगळं लोकांच्या तोंडाकडे होतं.

भोकात केसाएवढी वाट राहिली असेल. पाणी आत जात होतं, पण थेंब थेंब. रात्र होईल. कदाचित उद्याची सकाळ होईल. आणि तोवर आत्याबाईंच्या तोंडातलं पाणी जिभेवर राहणार आणि ती सुरी पोटात.

मी बोलायला तोंड उघडलं आणि मिटलं. यांच्या चेहऱ्याकडे बघितलं. सोळा वर्षं पात्रं ठोकणारा माणूस, ज्याला सगळी आळी हसली, त्याच्या पात्रानं आज काळ अडवला होता. त्याला काय सांगू? तुमची विद्या कल्हईवाल्याची आहे म्हणून?

आत चुलीशी गेले. बाहेर आले. परत आत. माझे पाय मला एका जागी ठरू देईनात.

"मने," आत्याबाईंनी हाक मारली. आवाज अगदी बारीक. "इकडं ये."

वाकले.

"या दोघांच्यानं होणार नाही," त्या कानात म्हणाल्या. "बावीस वर्षं माझ्या वाईटावर टपलेली आहेस. आज का मागं?"

"आत्याबाई, काहीतरी बोलू नका."

"काहीतरी नाही. मला तुझ्याशिवाय कुणी उरलं नाही."

मी ताठ उभी राहिले. लुगड्याचा पदर खोचला.

"भावजी," मी मुकुंदाला म्हटलं, "गाळ वाळून पायाला चिकटलाय. विहिरीवर जाऊन या. आईपुढं असं बसू नये."

तो उठला. पात्राकडे बघून घेतलं, आईकडे बघून घेतलं, आणि गेला. मी त्याला मुद्दाम धाडला.

आता राहिले हे. यांना कसं उठवावं हे मला सुचत नव्हतं. पात्रावरून हा माणूस उठत नसे, सांगितलंच मी. तर हे स्वतःच हात टेकून उठले. पाच तास बसल्यानं गुडघे धरले होते. माझ्याकडे न बघता म्हणाले, "मागल्या दारी जाऊन येतो जरा."

गेले. माझं नशीब, असं वाटलं मला तेव्हा.

मी घंगाळाशी बसले. आत्याबाईंनी माझा उजवा हात बघितला. पात्राच्या काठावर मी दोन बोटं ठेवली. तांबं कोमट होतं. हळूच दाबलं. काठावरून पाणी आत शिरलं, एकदम, जेवणाच्या ताटात आमटी वाढल्यासारखं, आणि पात्र माझ्या बोटांखालून निसटून तळाला टेकलं. टण् असा बारीक आवाज झाला.

आत्याबाईंचा घोट उतरला. गळ्याची शीर हलताना मी बघितली. कपाळावरच्या रेघा सैल झाल्या.

"चिंच लावून घास ते," त्या म्हणाल्या. "गुळगुळीत पांढरं केलंस."

आणि गेल्या. शेवटचा शब्द माझी चूक काढायला. मला त्यांचा इतका राग कधी आला नव्हता आणि इतकी माया पण कधी आली नव्हती.

हे आले. तळाला गेलेलं पात्र बघितलं. मुकुंदा ओल्या पायांनी आला. वामनभटजी धावत आले आणि घड्याळ बघून लिहिलं, साडेबारा घटका.

पुढचे बारा दिवस घर माणसांनी भरलं. भांडी चमकत होती, कुणी नाव ठेवलं नाही. मी वाढत होते, उष्टी काढत होते, आणि यांच्याकडे बघायला डोळा उचलत नव्हता. भटजींचं लिहिणं जिल्ह्याच्या पत्रात छापून आलं. तेराव्याला पुण्याहून दोन गृहस्थ आले, शाळा-कॉलेजातले. ते स्वतः सतरंजीवर बसले आणि यांना पाट दिला. तांबट आळीत हे पहिल्यांदा घडत होतं.

"करडेशास्त्री," त्यातले एक म्हणाले. शास्त्री म्हणाले यांना. "हा प्रयोग पुन्हा करून दाखवाल का? पुण्यात. मोठी सभा घेऊ. आजारी माणसं आहेत, कुणाचे नातेवाईक परदेशी आहेत. विचार करा, केवढं काम आहे हे."

मला राहवेना. हे पुण्याला जाणार, सभेत बिनकल्हईचं पात्र सोडणार, चोवीस मिनिटांत ते बुडणार आणि सगळे हसणार. मी दाराआडून खूण केली. हे आत आले.

"पात्राला कल्हई होती," मी म्हटलं. एका श्वासात सांगून टाकलं. "मी करवून घेतली. भोक बुजलं होतं. म्हणून तरंगलं. तुमच्या विद्येनं नाही."

"विद्येनंच," हे शांतपणे म्हणाले. "आई थांबली ती विद्येनं. पात्र तरंगलं ते कल्हईनं."



"तुम्हाला ठाऊक होतं?"

"पाण्यात सोडलं तेव्हाच हाताला कळलं. तांबट आहे मी. पात्र जड लागलं, गुंजभर. पण मुकुंदा यायचा होता. मी म्हटलं, बरंच झालं."

"आणि तो आल्यावर?"

हे भिंतीकडे बघू लागले.

"आल्यावर मला बुडवता येईना. तीन वेळा हात उचलला. आईच्या पात्राला हात लागेना."

"म्हणून मागल्या दारी गेलात."

"तुला वाकून बघताना मी बघितलं होतं. तुला पांढरं दिसलं, तेही बघितलं. आईनं तुला काय सांगितलं ते ऐकू आलं नाही, पण कळलं."

"मला सांगून उठायचं होतं."

"सांगितलं असतं तर केलं नसतंस. माझं ऐकायची तुला कुठं सवय आहे?"

मी हातातला वाढायचा डाव त्यांच्यापुढं आपटला. माझ्या हातून करवून घेतलं आणि बारा दिवस मला एकटीला जळत ठेवलं, म्हणून. त्यांनी तो उचलून माझ्या हातात दिला.

"तू यातलं एक अक्षर बोलायचं नाहीस," ते म्हणाले. "सुनेनं सासूचं पात्र बुडवलं म्हटलं तर आळी तुला जगू देणार नाही."

बाहेर गेलो. म्हणजे हे बाहेर, मी दारात.

"जमणार नाही," यांनी पुण्याच्या लोकांना सांगितलं. "मरणाऱ्या माणसासाठी मी यापुढं पात्र सोडणार नाही. बाळंतिणीसाठी सोडीन. पान लागलं तर सोडीन. एक घटका. जास्त नाही."

"पण का?"

तेवढ्यात मुकुंदा उठला. बारा दिवस त्याच्या मनात काहीतरी होतं, ते मला दिसत होतं.

"दादा, मला एक सांग. मी विहिरीवर गेलो तेव्हा पात्र चार बोटं वर होतं. परत आलो तो तळाला. पाच तासांत जे बोटभर खाली गेलं नाही, ते एका चुळीत कसं गेलं?"

ओटीवर पंचवीस माणसं असतील. पानाचे देठ खुडायचे थांबले सगळे.

"मी बुडवलं," हे म्हणाले.

मुकुंदाला आधी कळलंच नाही.

"काय?"

"मी दाबून बुडवलं. तू बाहेर असताना."

"आणखी राहिली असती ना ती? राहिली असती की नाही?"

"राहिली असती."

"नऊ वर्षांनी मला अडीच तास दिलेस."

यांनी मान खाली घातली. मी दारात उभी. आयुष्यात कुणाचा शब्द खाली पडू दिला नाही मी. सासूला बोलले, नणंदांना बोलले, मामलेदाराला त्याच्या कचेरीत जाऊन बोलले. त्या दिवशी माझ्या तोंडातून आवाज निघाला नाही. एक वाक्य होतं फक्त. मी बुडवलं, त्यांनी नाही. दिराच्या अंगात शर्ट चढेपर्यंत ते म्हणायला वेळ होता. त्यानं पिशवी उचलली, चपला घातल्या, आळीच्या टोकाला वळला, तोवरही होता.

तो पुन्हा आला नाही.

हे त्यानंतर सत्तावीस वर्षं जगले. कितीतरी पात्रं ठोकली. लोक दारात येऊन रडत, आमच्या वडलांसाठी सोडा, मुलगा येतोय. हे दार लावून घेत. लोक म्हणत विद्या गेली, कुणी म्हणे गर्व झाला. घटका लांबवायची विद्या म्हणजे भोकात कथलाचा एक थेंब, एवढीच काय ती होती, आणि ती त्यांनी कुणाला दिली नाही. आता गावात त्यांच्या नावाची शाळा आहे. दर वर्षी भाषण होतं, आणि दर वर्षी एकच गोष्ट सांगतात, की या थोर माणसानं स्वतःच्या हातानं आईचं पात्र बुडवलं, केवढं ते वैराग्य. मी पहिल्या रांगेत शाल पांघरून बसते. पोरं टाळ्या वाजवतात. यंदा मला बसवेना, मधेच उठून आले.

यांच्या शेवटच्या दुखण्यात तार केली होती मुंबईला. हे तीन दिवस दाराकडे बघत होते. पात्र माझ्या हाताशी होतं. मी नुसतं बघितलं त्यांच्याकडे, आणि त्यांनी मान हलवली, नको. कुणी आलं नाही.

मुकुंदभावजी, तुम्ही आहात असं गिरगावातल्या एका माणसाकडून कळलं. दिसत कमी असलं तर नातवंडाकडून हे वाचून घ्या. पात्र मी बुडवलं. तुम्हाला पाय धुवायला धाडलं तेही त्याचसाठी. तुमच्या आईनं मला सांगितलं म्हणून बुडवलं, आणि तिनं तुम्हाला सांगितलं नाही, कारण तुमच्या हातून झालं नसतं. दादा खोटं बोलले ते माझ्यासाठी, आणि मी गप्प बसले तीही माझ्यासाठीच.

राग धरायचा असेल तर इकडं येऊन धरा. मी अजून आहे, आणि उत्तर द्यायला तोंडही शाबूत आहे. त्यांच्यावर किती दिवस धरणार, ते तर गेले.